कोणता क्रिसिप्पस?

रुईच्या झुडपाभोवती एक फुलपाखरू नेहमी घुटमळताना दिसतं. नारिंगी पंख, पुढच्या पंखांची टोकं काळी आणि त्या काळ्यावर पांढऱ्या ठिपक्यांची तिरकी रांग. इंग्रजीत त्याला प्लेन टायगर म्हणतात. शास्त्रात त्याचं नाव डॅनॉस क्रिसिप्पस. यातलं ‘क्रिसिप्पस’ स्वीडिश निसर्गशास्त्रज्ञ लिनियसने १७५८ साली दिलं. ग्रीक तत्त्वज्ञानाचा इतिहास थोडाफार वाचलेला माणूस इथे थबकतो, कारण स्टोइक पंथाला तर्काचा भक्कम पाया देणाऱ्या तत्त्वज्ञाचं नावही क्रिसिप्पसच. इ.स.पू. तिसऱ्या शतकातला हा सोली गावचा माणूस. त्याने सातशेवर ग्रंथ लिहिले असं त्याचा चरित्रकार सांगतो. त्यातला एकही आज पूर्ण उरलेला नाही.

लिनियसच्या मनात मात्र हा तत्त्वज्ञ नव्हता. फुलपाखरांचे गट पाडताना एका गटाला त्याने डॅनॉस राजाचं नाव दिलं. ग्रीक पुराणात डॅनॉसला पन्नास मुली आणि त्याचा भाऊ एजिप्टस याला पन्नास मुलगे. मुलींची लग्नं या चुलतभावांशी लागली आणि बापाच्या सांगण्यावरून एकीखेरीज सगळ्यांनी पहिल्याच रात्री नवऱ्यांना मारलं. शेकडो जातींना नावं पुरवायची असताना शंभर नावांची ही यादी लिनियसला आयती मिळाली. आपलं फुलपाखरू त्या एकोणपन्नास दुर्दैवी नवरदेवांपैकी एकाचं नाव घेऊन उडतं आहे. त्या नवरदेवाचं आणि त्या तत्त्वज्ञाचं नाव एकच, कारण मुळात ते एक साधं व्यक्तिनाम होतं. ख्रुसोस म्हणजे सोनं, हिप्पोस म्हणजे घोडा.

हा घोडा ग्रीक नावांत जागोजागी भेटतो. वैद्यकाचा हिप्पोक्रेटिस, सॉक्रेटिसची बायको झँथिप्पी, प्लेटोचा भाचा आणि वारस स्प्यूसिप्पस, मॅसिडोनियाचा फिलिप. डोंगराळ, गवताला महाग असलेल्या देशात घोडा पाळणं श्रीमंतांनाच परवडे, म्हणून नावातला घोडा घराण्याची ऐपत सांगे. ॲरिस्टोफेनिसच्या ‘मेघ’ या इ.स.पू. ४२३ मधल्या नाटकात यावरून नवराबायकोचं भांडण आहे. बायको बड्या घरची, तिला मुलाच्या नावात घोडा हवा. नवरा खेडवळ आणि काटकसरी, त्याला आपल्या वडिलांवरून फेइडोनिडिस हे नाव ठेवायचं आहे, ज्यात काटकसरीचा अर्थ आहे. शेवटी तडजोड होते : फेइडिप्पिडिस. काटकसर आणि घोडा एकाच नावात. पुढे हाच मुलगा घोड्यांच्या नादाने बापाला कर्जात बुडवतो. अथेन्सच्या घरांत नाव ठेवताना काय काय पणाला लागे, हे कोणत्याही शिलालेखापेक्षा या प्रसंगातून जास्त कळतं.

दोन शब्द जोडून नाव घडवण्याची ही रीत आपल्याला परकी वाटत नाही, आणि त्याला कारण आहे. संस्कृत आणि ग्रीक या एकाच भाषाकुळातल्या. ऋग्वेदातला सुश्रवस आणि ग्रीकांतलं एउक्लेस ही नावं घटकासाठी घटक जुळतात. ‘सु’च्या जागी ‘एउ’, ‘श्रवस्’च्या जागी ‘क्लेओस’, आणि दोन्हींचा अर्थ ज्याची कीर्ती चांगली तो. देवाच्या नावाची नावंही तशीच. हेरोडोटस म्हणजे हेरादत्त, अपोलोडोरस म्हणजे अपोलोने दिलेला. आपल्या देवदत्ताशेजारी ही माणसं सहज बसतात.

ग्रीकांना आडनाव नव्हतं. बाळाचं नाव बहुधा दहाव्या दिवशीच्या समारंभात ठेवलं जाई, आणि पहिल्या मुलाला आजोबांचं नाव देण्याकडे कल असे. अथेन्समधल्या एका धनाढ्य घराण्यात कॅलियस आणि हिप्पोनिकस ही दोनच नावं पिढ्यानपिढ्या आलटून पालटून आली. अशाने एकाच नावाची पुष्कळ माणसं होणारच. मग वडिलांचं नाव जोडायचं, आणि क्लिस्थेनिसने इ.स.पू. ५०८–५०७ च्या सुमाराला केलेल्या सुधारणांनंतर ‘डीम’चंही. डीम म्हणजे ज्या गावच्या किंवा वस्तीच्या यादीत नागरिकाची नोंद आहे ते. सॉक्रेटिस, सोफ्रोनिस्कसचा मुलगा, अलोपेकीचा. कुटुंब दुसरीकडे राहायला गेलं तरी डीम बदलत नसे, तो बापाकडून मुलाकडे जाई. स्वतःचं नाव, वडिलांचं नाव आणि कधीच सोडलेल्या गावावरून पडलेलं ‘कर’ लावणाऱ्या मराठी माणसाला ही व्यवस्था समजावून सांगावी लागणार नाही.

बायकांच्या वाट्याला यातलं फार थोडं आलं. न्यायालयात वक्ते प्रतिष्ठित घरातल्या जिवंत स्त्रीचं नाव घेणं टाळत, अमक्याची बायको, तमक्याची मुलगी असंच म्हणत. त्यांची नावं आपल्याला मिळतात ती मुख्यतः थडग्यांवर आणि देवळांतल्या दानलेखांवर. ऑक्सफर्डमध्ये १९७२ साली सुरू झालेल्या ग्रीक व्यक्तिनामांच्या कोशाचं मोठेपण मला इथे वाटतं. ज्यांच्याबद्दल दुसरं काहीही शिल्लक नाही अशा स्त्रिया, गुलाम आणि कारागीर यांची नावंही त्याने गाव आणि काळासह नोंदवली.

नावांचा हा गुंता तत्त्वज्ञांनीच विचाराला घेतला. प्लेटोच्या ‘क्रॅटिलस’ या संवादाची सुरुवात एका माणसाच्या नावावरून होते. हर्मोजेनिस म्हणजे हर्मिसच्या कुळातला. हर्मिस हा लाभाचा देव, आणि हा बिचारा पैशाच्या बाबतीत कायम मागे. तो वर सांगितलेल्या कॅलियस-हिप्पोनिकस घराण्यातलाच, पण संपत्ती भावाकडे. क्रॅटिलस त्याला सांगतो की सगळ्या जगाने हाक मारली तरी हर्मोजेनिस हे तुझं नाव नव्हे. नाव वस्तूच्या स्वभावातून येतं की माणसांच्या संकेतातून, हा सारा वाद तिथून उभा राहतो.

खुद्द प्लेटोचं मूळ नाव आजोबांवरून ॲरिस्टोक्लिस होतं आणि ‘रुंद’ या अर्थाचं प्लेटो हे टोपणनाव, अशी कथा प्राचीन काळापासून चालत आली आहे. ती मला फारशी पटत नाही. प्लेटो हे नाव त्या काळी इतर ग्रीकांतही होतं. ॲरिस्टॉटलचा शिष्य थिओफ्रास्टस याचं मूळ नाव टिर्टॅमस होतं आणि त्याच्या दिव्य वाणीमुळे गुरूने ते बदललं, ही हकीकत मात्र जास्त ठिकाणी सापडते.

ॲरिस्टॉटलने नावांचा प्रश्न मुळापासून हाती घेतला. त्याचा ‘कॅटेगरीज’ हा ग्रंथ उघडतो तोच ‘होमोनिम’ या कल्पनेने, म्हणजे नाव एक पण ज्यांना ते लागू होतं त्यांचं स्वरूप वेगवेगळं. त्याच्या लगेच मागे ‘सिनोनिम’ येतं. व्यवहारातही या कल्पनेची गरज होती. मॅग्नेशियाच्या डिमेट्रिअसने एकाच नावाच्या लेखकांवर स्वतंत्र ग्रंथ लिहिला. तत्त्वज्ञांची चरित्रं लिहिणारा डायोजेनिस लाएर्टिअस त्याच्या आधाराने अनेक चरित्रांच्या शेवटी त्याच नावाच्या इतरांची यादी देतो. क्रिसिप्पसच्या चरित्राखाली क्निडसचा एक वैद्य, त्याचा मुलगा जो टॉलेमीच्या दरबारी वैद्य होता, आणि शेतीवर लिहिणारा आणखी एक असे क्रिसिप्पस भेटतात. याच चरित्रात कार्निॲडिस या तत्त्वज्ञाची एक कोटीही आहे. अथेन्समधला क्रिसिप्पसचा छोटा पुतळा शेजारच्या घोडेस्वाराच्या पुतळ्यामागे झाकला जाई, म्हणून कार्निॲडिस त्याला ‘क्रिप्सिप्पस’ म्हणे, म्हणजे घोड्याआड लपलेला.

ॲरिस्टॉटलकडूनच आपण कीटकांकडे येतो. लेस्बॉस बेटावर त्याने प्राण्यांची बारकाईने पाहणी केली. ज्यांच्या शरीरावर खाचा आहेत त्यांना तो ‘एन्टोमा’ म्हणतो. लॅटिनमधला ‘इन्सेक्टा’ हा त्याचाच अनुवाद. पंखांवर म्यानासारखं कठीण आवरण असलेल्या भुंगेऱ्यांसाठी ‘कोलिओप्टेरा’ आणि दोन पंखांच्या माशा-डासांसाठी ‘डिप्टेरा’ हे शब्द त्याच्याकडे आहेत. दोन पंखांच्या कीटकांची नांगी पुढे असते आणि चार पंखांच्यांची मागे, हे त्याने नोंदवलं. डास आणि गांधीलमाशी डोळ्यांपुढे आणली की ही नोंद किती नेमकी आहे ते लक्षात येतं. काही बाबतींत तो चुकला. मधमाश्यांच्या राणीला तो राजा समजला. फुलपाखराला ग्रीक ‘प्सिखी’ म्हणत, आत्म्यालाही तोच शब्द. कोबीच्या पानांवरच्या अळीपासून ही प्सिखी कशी होते याचं वर्णन करणारा माणूस आत्म्यावरही एक पूर्ण ग्रंथ लिहितो. होमोनिमचा विचार त्याला किती जवळून करावा लागला असेल!

लिनियसने कोलिओप्टेरा आणि डिप्टेरा हे शब्द उचलले आणि त्याच साच्यात लेपिडोप्टेरा, हायमेनोप्टेरा, हेमिप्टेरा, न्यूरोप्टेरा हे गण घडवले. लेपिडोप्टेरा म्हणजे खवल्यांच्या पंखांचे. इथे नाव गुण सांगतं. जातींची नावं देताना मात्र त्याने वेगळा मार्ग धरला. मोठ्या फुलपाखरांना त्याने सरदार म्हटलं आणि त्यांचे ट्रॉयचे व ग्रीकांचे असे दोन पक्ष केले. छातीवर रक्तासारखे लाल डाग असलेली ट्रॉयच्या बाजूची. लाल अंगाचं क्रिमझन रोज म्हणून हेक्टर झालं. टेल्ड जे हे ॲगमेम्नॉन. हे दोघेही महाराष्ट्रात आढळतात. ॲगमेम्नॉन तर पुण्या-मुंबईच्या बागांतही अशोक आणि सीताफळाच्या झाडांवर वाढतो. पुढच्या अभ्यासकांनी हीच प्रथा चालवली. सह्याद्रीतल्या सदर्न बर्डविंगला क्रीटच्या मिनॉस राजाचं नाव मिळालं. २०१५ साली महाराष्ट्राने राज्य फुलपाखरू म्हणून निवडलेलं ब्लू मॉर्मन, आपलं राणी पाखरू, शास्त्रात पॅपिलिओ पॉलिम्नेस्टर आहे. हे नाव थ्रेसच्या राजाचं. ट्रॉयच्या प्रायम राजाने आपला कोवळा मुलगा त्याच्याकडे सांभाळायला दिला होता, सोन्याच्या लोभाने त्याने त्या मुलाला मारलं, आणि त्या मुलाच्या आईने, हेक्युबाने, त्याचे डोळे काढले. या निळ्या-काळ्या देखण्या जिवाचा त्या कथेशी काडीचा संबंध नाही.

संबंध नाही हेच या पद्धतीचं बळ आहे, असं माझं मत आहे. वर्णन करणारं नाव नवी जात सापडली की तोकडं पडतं. पॉलिम्नेस्टर काहीच वर्णन करत नाही, म्हणून ते खोटं ठरत नाही. क्रॅटिलसच्या वादात प्राणिशास्त्र हर्मोजेनिसच्या बाजूने उभं राहिलं : नाव हा संकेत आहे. तो संकेत सांभाळायला नियम लागले. प्राणिनामांचा आंतरराष्ट्रीय आयोग १८९५ साली स्थापन झाला. त्याच्या संहितेत ॲरिस्टॉटलचे दोन्ही शब्द आहेत. दोन वेगळ्या प्राण्यांना तेच नाव पडलं तर ते होमोनिम, आणि सहसा आधीचं टिकतं, नंतरचं बदलावं लागतं. एकाच प्राण्याला दोन नावं पडली तर ती सिनोनिम. दुसऱ्या शब्दाचा अर्थ ॲरिस्टॉटलपासून बराच सरकला आहे, पहिल्याचा फारसा नाही.

या नियमांची गरज का पडते ते एका घोड्यानेच दाखवलं. लिनियसचं ‘प्लेक्सिप्पस’ हे नाव अमेरिकेच्या मोनार्क फुलपाखराचं की आशियातल्या त्याच्यासारख्या दिसणाऱ्या पट्टेरी जातीचं, यावर गोंधळ होता. आपल्याकडच्या स्ट्राइप्ड टायगरलाही जुन्या पुस्तकांत प्लेक्सिप्पस म्हटलेलं आढळतं. अखेर आयोगाने विसाव्या शतकाच्या मध्यात ते नाव मोनार्कला नेमून दिलं. कुळांच्या नावांतही एक ग्रीक खूण आहे. पॅपिलिओनिडी, निम्फॅलिडी यांतला ‘इडी’ हा ग्रीक ‘इडिस’ या प्रत्ययापासून आला. आपल्याकडे पांडव किंवा कौंतेय म्हणताना जे होतं तेच तो करतो, अमक्याचं अपत्य. पार्मेनिडिस, युरिपिडिस आणि त्या नाटकातला फेइडिप्पिडिस या नावांची शेपूटही हीच.

माणसांत ही नावं एकसारखी टिकली नाहीत. ख्रिस्ती झाल्यावर ग्रीकांनी संतांची नावं पसंत केली. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी स्वातंत्र्याचं वारं वाहू लागलं तेव्हा लोक मुलांना पुन्हा प्राचीन नावं ठेवू लागले. १८१९ साली पाचवा ग्रेगरी या ग्रीक ख्रिस्ती धर्मप्रमुखाने पत्रक काढून या नव्या चालीवर टीका केली. चाल थांबली नाही. स्मिर्नाच्या सॉक्रेटिस ओनासिसने आपल्या मुलाचं नाव ॲरिस्टॉटल ठेवलं, आणि तो पुढे जहाजांचा धनी झाला. ब्राझीलमध्ये वाचनवेड्या एका बापाने मुलांना सॉक्रेटिस, सोस्थेनिस आणि सोफोक्लिस ही नावं दिली. त्यातला सॉक्रेटिस डॉक्टर झाला आणि १९८२ च्या विश्वचषकात ब्राझीलचा कर्णधारही. गोव्यात आणि वसईत फिलिप, स्टीफन, जॉर्ज आहेतच. फिलिप म्हणजे घोड्यांवर प्रेम करणारा.

उलट दिशेचा एक पुरावा नाशिकला आहे. त्रिरश्मी डोंगरातल्या सतराव्या लेण्यातला लेख सांगतो की ते लेणं उत्तरेकडच्या दत्तामित्री नगरातल्या एका योनकाने, म्हणजे यवनाने किंवा ग्रीकाने, खोदवलं. दत्तामित्री म्हणजे डेमेट्रिअस राजाच्या नावाचं शहर, असं अभ्यासक मानत आले आहेत. या योनकाचं नाव इंद्राग्निदत्त, वडिलांचं धम्मदेव, मुलाचं धम्मरक्खित. कार्ले आणि जुन्नरच्या लेण्यांतही यवन दाते आहेत. नावं बहुतेक इथलीच झाली होती. तरी इंद्राग्निदत्ताच्या घरात आजोबा आणि नातू यांच्या नावांचा पहिला शब्द एकच आहे. तो केवळ नव्या धर्मामुळे आला की जुनी ग्रीक रीत त्यात शिल्लक होती? मला दुसऱ्या शक्यतेकडे झुकावंसं वाटतं.

हे सगळं आज सांगता येतं, कारण कुणीतरी नाव लिहिताना गाव, बाप आणि काळ सोबत लिहिला. आपल्या खेड्यांत, पाड्यांवर कीटकांना मराठीच्या बोलींतली, कातकरी आणि वारली माणसांच्या तोंडची पुष्कळ नावं आहेत. त्यांची अशी नोंद फार थोडी झाली आहे. वाचकहो, घरातल्या आणि शिवारातल्या वडीलधाऱ्यांना ती विचारा. ज्या जिवाचं नाव सांगतील त्याचा फोटो घ्या, आणि नावापुढे गाव, तारीख आणि सांगणाऱ्याचं नाव लिहून ठेवा.