गाव बर्डीला लागते तेव्हा

पूर्व विदर्भात दिघोरी नावाची एकाहून अधिक गावे आहेत. भंडारा जिल्ह्याच्या लाखांदूर तालुक्यातील दिघोरीला ‘मोठी’ हे उपपद जोडले जाते आणि ती धानपट्ट्यातील गाव म्हणून ओळखली जाते. तर नागपूरच्या दक्षिणेला, उमरेड रस्त्यावर असलेली दिघोरी आता शहराचे उपनगर झाली असून ‘दिघोरी नाका’ एवढ्या दोन शब्दांत ती ओळखली जाते. एकाच नावाच्या या दोन गावांच्या वाटा का वेगळ्या झाल्या, याचे उत्तर नागपूरच्या घडणीत सापडते.

नागपूर हे मुळातच गावे जोडून झालेले शहर आहे. देवगडचा गोंड राजा बख्त बुलंद शाह याने 1702 च्या सुमारास नाग नदीकाठच्या बारा लहान गावांना एकत्र करून येथे नगर वसवले, असे परंपरा सांगते. या गावांच्या समूहाला ‘राजापूर बारसा’ म्हणत, आणि ‘बारसा’ या शब्दात बारा हा आकडाच दडलेला आहे. सक्करदरा, हिवरी, लेंड्रा, फुटाळा, सीताबर्डी ही त्यातील काही नावे. लेंड्रा आज एका उद्यानाच्या नावात, तर हिवरी एका वसाहतीच्या नावात उरली आहे. फुटाळा म्हटले की नागपूरकराला गाव नव्हे, तलाव आठवतो. शहर गावाची जमीन घेते, नाव मात्र सहसा सोडून देते, आणि म्हणूनच इतिहासाच्या अभ्यासकाला रिक्षावाल्याच्या तोंडचा पत्ताही कधी कधी दप्तराइतका उपयोगी पडतो.

या बारा गावांपैकी सीताबर्डीचे, म्हणजे रोजच्या बोलण्यातील बर्डीचे, रूपांतर सर्वांत ठळक आहे. शीतलाप्रसाद आणि बद्रीप्रसाद या दोन गवळी भावांच्या नावांवरून ‘शीतलाबद्री’ आणि पुढे ‘सीताबर्डी’ हे नाव पडले, अशी लोककथा आहे. मात्र मराठीत ‘बर्डी’ म्हणजे लहान टेकडी, आणि येथे खरोखरच एक मोठी व एक लहान अशा दोन टेकड्या असल्याने साधा अर्थही पुरेसा वाटतो. गोंडांनंतर नागपूरवर राज्य करणाऱ्या भोसल्यांची राजधानी पूर्वेला, महाल भागात होती, तर इंग्रजांचा रेसिडेंट, म्हणजे दरबारात बसवलेला कंपनी सरकारचा प्रतिनिधी, या टेकड्यांच्या परिसरात राहत असे. त्यामुळे 26 आणि 27 नोव्हेंबर 1817 रोजी अप्पासाहेब भोसल्यांचे सैन्य आणि रेसिडेंट जेंकिन्सच्या बाजूची फौज यांची लढाई याच टेकड्यांवर झाली. तीत भोसल्यांचा पराभव झाला आणि राज्याच्या सत्तेचे केंद्र महालातून टेकडीच्या पायथ्याशी सरकले. पुढे 1867 मध्ये मुंबईकडून आलेला लोहमार्ग याच टेकडीच्या लगत पोचला, आणि जुने शहर व इंग्रजांची वसाहत यांच्या मध्ये असलेले गाव आपोआप बाजारपेठ झाले. टेकडीवरचा किल्ला आजही लष्कराच्या ताब्यात आहे आणि सामान्यांसाठी तो 26 जानेवारी, 1 मे व 15 ऑगस्ट या तीनच दिवशी उघडतो. गर्दी असते ती टेकडी गणपतीच्या देवळात. जवळच असलेला ‘झिरो माइल’चा दगडी खांब भारताचा मध्यबिंदू दाखवतो असे सर्रास सांगितले जाते, पण तो मूळचा भूमापनाच्या कामाचा आहे.

दिघोरीला मात्र सीताबर्डीसारखी लढाई लाभली नाही, आणि शहर तिच्यापर्यंत बरेच उशिरा पोचले. तोवर तिची जमीन शेतीचीच होती. इंग्रजी अमलातील मध्य प्रांतात, ज्यात नागपूरही येत असे, गावाचा शेतसारा गोळा करून सरकारात भरणाऱ्याला मालगुजार म्हणत. जमिनीवरही बव्हंशी त्याचाच मालकी हक्क असे, आणि भंडारा, गोंदिया या भागांतील ‘मामा तलाव’ म्हणजे माजी मालगुजारी तलाव ही त्याच व्यवस्थेची आठवण आहे. 31 मार्च 1951 पासून हे हक्क संपले, आणि त्याच वर्षी नागपूर नगरपालिकेची महानगरपालिका झाली. त्याआधी, 1936 च्या कायद्याने, शहराची आखणी करण्यासाठी नागपूर सुधार प्रन्यास हे मंडळ निर्माण झाले होते. पुढच्या काळात शहराभोवतीच्या शेतांचे तुकडे पडले, त्यांची ‘ले-आउटं’ झाली, म्हणजे शेतात रस्ते आखून भूखंड विकले गेले, आणि अशी कितीतरी ले-आउटं रीतसर परवानगीशिवाय उभी राहिल्याने 2001 मध्ये राज्याला गुंठेवारी, म्हणजे गुंठ्यागुंठ्यांनी तुकडे पाडून झालेली अशी वस्ती, नियमित करण्याचा कायदा करावा लागला. उमरेड रस्त्यासारख्या शहराबाहेर जाणाऱ्या वाटांवर हा विस्तार विशेष वेगाने झाला, कारण खरेदीदाराला रस्ता तयार मिळत होता आणि पाणी, गटार यांची वाट मात्र मागाहून पाहावी लागत होती.

गाव शहरात गेल्याची सर्वांत नेमकी खूण बहुधा कागदावर दिसते. शेतजमिनीचा दाखला म्हणजे सातबारा, आणि त्यावर पीक लिहिलेले असते. नगर भूमापन झालेल्या भागात त्याच्या जागी आखीव पत्रिका येते, आणि तिच्यावर पिकाचा रकानाच नसतो.