वेधक्षतांचे उत्तरपरिणाम, चेहऱ्यावरील : सांकेतिक वर्गीकरण

टोकदार वस्तू त्वचेतून आत घुसल्याने होणाऱ्या, अरुंद तोंडाच्या व त्या मानाने खोल जखमेला वेधक्षत म्हणतात. मूळ जखम भरून आल्यानंतरही शरीरात जी विकृती मागे राहते, ती त्या जखमेचा उत्तरपरिणाम होय. अशी विकृती आणि तिचे मूळ कारण यांची रुग्णालयीन कागदपत्रांत ठराविक अक्षर-अंकांनी नोंद करण्याच्या पद्धतीस सांकेतिक वर्गीकरण म्हणतात.

कारणे व स्वरूप : जळगाव व धुळे हे खानदेशातील जिल्हे मुख्यत्वे कृषिप्रधान आहेत. बाभूळ व बोर यांचे काटे, काटेरी कुंपणे, बैलाचे शिंग, तारेचे वा अवजाराचे टोक ही अशा शेतीप्रधान प्रदेशात चेहऱ्यावरील वेधक्षतांची संभाव्य कारणे होत. अशी जखम वरून क्षुल्लक दिसते आणि तिचे तोंड लवकर मिटते. परंतु काट्याचा तुकडा आत राहिल्यास त्याभोवती कणार्बुद (दाहजन्य गाठ) तयार होते. वनस्पतिज तुकडे साध्या क्ष-किरण चित्रात सहसा दिसत नाहीत. त्यांच्या शोधासाठी श्राव्यातीत तरंगांचा उपयोग होतो. आकसलेला वा अतिवृद्ध वण, पापणी बाहेर वळणे, तोंड पुरते न उघडणे, गालातील लाळ वाहिनीस इजा झाल्यास त्वचेवर लाळ झिरपत राहणारा नाडीव्रण, तसेच आनन तंत्रिकेच्या (चेहऱ्याच्या स्नायूंना चेतना पुरविणाऱ्या मज्जेच्या) शाखेस इजा झाल्यास चेहऱ्याचा भाग लुळा पडणे, हे प्रमुख उत्तरपरिणाम आहेत. जखमेत पू होणे वा धनुर्वात होणे हे मात्र तत्कालीन उपद्रव असून त्यांची गणना उत्तरपरिणामांत होत नाही.

वर्गीकरणाचा विकास : मृत्यूच्या कारणांची आंतरराष्ट्रीय यादी झाक बेर्तीयाँ या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञांनी १८९३ मध्ये मांडली. १९४८ मधील सहाव्या आवृत्तीपासून तिची जबाबदारी जागतिक आरोग्य संघटनेकडे आली व मृत्यूंबरोबरच आजारांचाही तीत समावेश झाला. दहावी आवृत्ती १९९० मध्ये संमत झाली. अकरावी २०१९ मध्ये संमत होऊन १ जानेवारी २०२२ पासून अंमलात आली.

नोंदीची रीत : दहाव्या आवृत्तीत डोक्याच्या उघड्या जखमांना ‘एस ०१’ हा वर्ग दिलेला आहे. त्यात पापणी व डोळ्याभोवतीचा भाग (०१.१), नाक (०१.२), गाल व जबड्याच्या सांध्याचा भाग (०१.४), ओठ व मुखगुहा (०१.५) असे स्थानानुसार पोटविभाग आहेत. हे संकेतांक ताज्या जखमेचे होत. विकृती उत्तरपरिणाम म्हणून स्पष्ट नोंदलेली असल्यास, किंवा इजेनंतर एक वर्ष वा अधिक काळाने ती आढळल्यास, मूळ इजेसाठी ‘टी ९०.१’ (डोक्याच्या उघड्या जखमेचे उत्तरपरिणाम) हा संकेतांक वापरतात. तंत्रिकेच्या इजेचे उत्तरपरिणाम ‘टी ९०.३’ मध्ये, तर नेत्र व नेत्रकोटर यांच्या इजेचे ‘टी ९०.४’ मध्ये जातात.

संपूर्ण नोंदीस तीन प्रश्नांची उत्तरे द्यावी लागतात : आज काय आहे, ते कोणत्या इजेमुळे आणि ती इजा कशाने झाली? उदा., बैलाचे शिंग गालात घुसून तीन वर्षांनी आकसलेल्या वणासाठी रुग्ण आला, तर मुख्य विकृती म्हणून ‘एल ९०.५’ (त्वचेचा वण), मूळ इजा म्हणून ‘टी ९०.१’ आणि बाह्य कारण म्हणून ‘वाय ८६’ (वाहतुकीखेरीज अन्य अपघातांचे उत्तरपरिणाम) अशी नोंद होते. इजा वाहन अपघातातील असल्यास ‘वाय ८५’ व हल्ल्यातील असल्यास ‘वाय ८७.१’ हा संकेतांक येतो. काटा टोचल्याच्या ताज्या घटनेस ‘डब्ल्यू ६०’ हा स्वतंत्र संकेतांक आहे. उत्तरपरिणामाच्या नोंदीत मात्र तोही ‘वाय ८६’ मध्येच विलीन होतो.

मर्यादा : ‘टी ९०.१’ या संकेतांकावरून जखम गालाची की टाळूची, वेधक्षत की चिरलेली, हे कळत नाही. अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ पासून रूढ झालेल्या विस्तारित आवृत्तीत हा दोष दूर केलेला आहे. तीत मूळ जखमेचाच संकेतांक ठेवून त्याच्या शेवटी ‘एस’ हे अक्षर जोडतात, उदा., ‘एस ०१.४३१ एस’ म्हणजे आत बाह्य पदार्थ न राहिलेल्या, उजव्या गालावरील वेधक्षताचा उत्तरपरिणाम. अकराव्या आवृत्तीत अनेक संकेतांक एकत्र जोडून स्थान, बाजू व कारण व्यक्त करता येतात.

महत्त्व : जुनी इजा ताजी म्हणून नोंदल्यास एकच अपघात दोनदा मोजला जातो, केवळ वण नोंदल्यास अपघाताचा मागमूस उरत नाही. चेहऱ्यावरील वेधक्षतांच्या उत्तरपरिणामांनी मृत्यू क्वचितच ओढवतो; त्यामुळे जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियम, १९६९ अन्वये प्रमाणित होणाऱ्या मृत्युकारणांत त्यांचे प्रतिबिंब पडत नाही. त्यांची मोजदाद धुळे व जळगाव येथील शासकीय वैद्यकीय महाविद्यालयांच्या रुग्णालयांसारख्या संस्थांच्या रुग्णनोंदींवरच अवलंबून राहते.

रुग्णाच्या दृष्टीनेही हा दुवा मोलाचा आहे. कामगार नुकसानभरपाई अधिनियम, १९२३ च्या पहिल्या अनुसूचीत चेहऱ्याचे अतितीव्र विद्रूपण ही अर्जनक्षमतेची शंभर टक्के हानी मानलेली होती. भरपाईचा निर्णय संकेतांकावर होत नसला, तरी आजची विकृती त्या दिवशीच्या अपघातातूनच उद्‌भवली, हे दावेदारास दाखवावे लागते. महाराष्ट्र शासनाच्या जीवनदायी आरोग्य योजनेचा प्रारंभ २०१२ मध्ये ज्या आठ जिल्ह्यांत झाला, त्यांत धुळे जिल्हा होता. अशा योजनांच्या विस्ताराबरोबर उपचारांचे कागद वाढले. परंतु संकेतांक कितीही सूक्ष्म असला, तरी तो वैद्याच्या लेखी टिपणावरूनच ठरतो. टिपणात ‘गालावर जुना वण’ एवढेच लिहिलेले असेल, तर काटा, शिंग वा शस्त्र यांपैकी कारण कोणते, हे पुढे कोणत्याही वर्गीकरणातून शोधता येत नाही. म्हणून इजेचे वर्ष, स्थान, बाजू, कारणीभूत वस्तू आणि बाह्य पदार्थ आत राहिला किंवा कसे, या पाच बाबी टिपणात असणे आवश्यक ठरते.