लोहपूरक औषधांचे अल्पमात्रा-सेवन आणि वैद्यकीय संकेतांकन

प्रस्तावना : वैद्यकाने लिहून दिलेले औषध आणि रुग्णाने प्रत्यक्ष घेतलेले औषध यांत नेहमीच अंतर असते. लोहाच्या गोळ्यांबाबत हे अंतर विशेष जाणवते. मळमळ, बद्धकोष्ठता, शौचास काळे होणे यांमुळे अनेक रुग्ण गोळ्या मध्येच सोडतात. वास्तविक हिमोग्लोबिन पूर्ववत झाल्यावरही शरीरातील लोहाचा साठा भरून येण्यासाठी सुमारे तीन महिने उपचार चालू ठेवावे लागतात. या अंतराची नोंद वैद्यकीय अभिलेखात कशी होते, याचे विवेचन प्रस्तुत लेखात केले आहे.

संकल्पना : अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ पासून आयसीडी-१०-सीएम ही वर्गीकरण पद्धती लागू झाली. पूर्वीच्या आयसीडी-९-सीएममध्ये अल्पमात्रेसाठी संकेतांक नव्हता. नव्या पद्धतीनुसार वैद्यकाच्या किंवा उत्पादकाच्या सूचनेपेक्षा कमी औषध घेणे म्हणजे अल्पमात्रा-सेवन होय. वैद्यकाच्या सांगण्याविना, स्वतःहून औषध बंद करणे हेही त्यातच मोडते.

संकेतांकाची रचना : लोहाच्या अल्पमात्रेचा संकेतांक टी४५.४एक्स६ए असा आहे. टी४५.४ हा भाग लोह व त्याची संयुगे दर्शवितो. 'एक्स' केवळ रिकामी जागा भरतो. सहावे चिन्ह '६' अल्पमात्रा सूचित करते. त्याच जागी '१' असल्यास अपघाती विषबाधा आणि '५' असल्यास योग्य मात्रेतील औषधाचा अनिष्ट परिणाम असा अर्थ होतो. अखेरचे 'ए' हे अक्षर सक्रिय उपचाराचा टप्पा दाखविते.

हा संकेतांक प्रथम क्रमांकावर कधीही देता येत नाही. उदाहरणार्थ, खर्च परवडत नाही म्हणून एखाद्या स्त्रीने गोळ्या निम्म्यावर आणल्या व तिचा लोहन्यूनताजन्य रक्तक्षय बळावला, तर प्रथम डी५०.९ हा आजाराचा, नंतर टी४५.४एक्स६ए व त्यासोबत झेड९१.१२० हा आर्थिक अडचणीमुळे हेतुतः केलेल्या अल्पमात्रेचा संकेतांक येतो. वार्धक्यातील दुर्बलतेमुळे नकळत मात्रा चुकली असल्यास झेड९१.१३० वापरतात. चूक उपचार करणाऱ्यांकडून झाली असेल, तर वाय६३.६ हा संकेतांक आहे.

महत्त्व : या कारणदर्शक संकेतांकांमुळे 'रुग्ण ऐकत नाही' या सरसकट शेऱ्यामागील गरिबी, विस्मृती अथवा व्यवस्थेची चूक वेगळी दिसते. मात्र वैद्यकाने कारण विचारून लिहिले नसेल, तर संकेतांककाराला ते तर्काने भरता येत नाही.

आपल्याकडेही हा प्रश्न गंभीर आहे. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षण-५ (२०१९-२१) नुसार देशातील १५ ते ४९ वयोगटातील ५७ टक्के स्त्रिया रक्तक्षयग्रस्त होत्या. गरोदरपणी १८० वा अधिक दिवस लोह व फॉलिक अ‍ॅसिड घेतलेल्या मातांचे प्रमाण केवळ २६ टक्के होते. उर्वरित मातांनी गोळ्या का घेतल्या नाहीत, हे या आकड्यावरून कळत नाही. गोळ्या मिळाल्याच नाहीत की मिळूनही सोसल्या नाहीत, यावर उपाय अवलंबून असतो.

निष्कर्ष : अल्पमात्रेचा संकेतांक देयकापुरता मर्यादित नाही. उपचार का फसला, हे नोंदविण्याचे ते साधन आहे. त्याची उपयुक्तता अखेर रुग्णाला विचारलेल्या एका साध्या प्रश्नावर अवलंबून आहे : गोळ्या का थांबविल्या?