शांततेची सायकल-शर्यत

श्रोतेहो, सायकल आपल्या परिचयाची. कुणी तिच्यावरून शाळेत जातो, कुणी दुधाच्या किटल्या नेतो. पण याच सायकलीने एकदा वैराच्या सरहद्दी ओलांडल्या, ती हकीकत ऐका.

महायुद्ध १९४५ साली संपले, तेव्हा पोलंडची राजधानी वॉर्सा बेचिराख झाली होती. तीनच वर्षांनी, १९४८ साली, वॉर्सा आणि प्राग या शहरांदरम्यान ‘शांतता-शर्यत’ सुरू झाली. १९५२ पासून बर्लिनही तिच्या वाटेवर आले. तिची खूण म्हणजे पिकासोचे पांढरे कबूतर.

शर्यत टप्प्याटप्प्याने अनेक दिवस चाले. प्रत्येकाला रोज लागलेला वेळ मांडायचा, शेवटी बेरीज करायची. ज्याची बेरीज सर्वांत कमी, तो विजयी. एक दिवस पहिले येऊन भागत नसे, रोज टिकावे लागे.

१९५० साली पूर्व जर्मनीचे खेळाडू प्रथमच आले. ज्या पोलंडने जर्मन फौजांचा जाच सोसला, त्याच्याच रस्त्यांवरून आता जर्मन तरुण सायकली मारीत गेले. राज्यकर्त्यांना आपल्या राजवटीचा डंका पिटायचा होता, हेही खरे. २००६ नंतर ही शर्यत झाली नाही.

समेटही असाच असतो, मंडळी. तो एका दिवसात होत नाही. रोजचा टप्पा रोज गाठावा लागतो.