काडीकाडीने हललेले चित्र

महाराष्ट्रात चित्रे पडद्यावर हलू लागली ती सिनेमा येण्याआधी, आणि तीही कल्याणात. महादेव गोपाळ पटवर्धन यांनी १८९२ च्या सुमारास ‘शांबरिक खरोलिका’ हे जादूच्या कंदिलाचे खेळ सुरू केले. काचेवर हाताने रंगवलेली पौराणिक चित्रे कंदिलाच्या उजेडात पडद्यावर उमटत. काचा झपाट्याने बदलल्या की पात्रे हालल्यासारखी वाटत. जोडीला निवेदन आणि संगीत असे. त्याच सुमारास पॅरिसमध्ये एमिल रेनो याने रंगवलेल्या चित्रपट्ट्यांचे खेळ सुरू केले होते. पटवर्धनांच्या खेळाला अ‍ॅनिमेशनपट म्हणता येणार नाही, कारण त्यात कॅमेऱ्याने टिपलेली फिल्म नव्हती.

या कलेत कॅमेरा आणला तो दादासाहेब फाळके यांनी. १९१२ मध्ये लंडनहून विल्यमसन कॅमेरा घेऊन ते परतले, पण चित्रपटासाठी भांडवल नव्हते. तोंडी बोलण्यावर पैसा कोण देणार? म्हणून त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, कॅमेरा एका जागी पक्का बसवला आणि महिनाभराहून अधिक काळ रोप थोडे थोडे टिपत राहिले. मूकपटाच्या गतीने मिनिटभराला सुमारे हजार चौकटी लागत. पडद्यावर मात्र बघता बघता बी फुटून रोप वर आले. ‘अंकुराची वाढ’ पाहून कर्ज मिळाले. पत्नी सरस्वतीबाईंचे दागिनेही कामी आले. ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन चित्रपटगृहात झळकला. भारतीय कथापटाची पायाभरणी अशी एका वाटाण्याने केली, असे म्हणण्यात अतिशयोक्ती नाही.

पुढे महायुद्धामुळे कच्ची फिल्म मिळेनाशी झाली, तेव्हा फाळके यांनी लघुपटांकडे मोर्चा वळवला. १९१५ च्या ‘आगकाड्यांची मौज’मध्ये नट नव्हते, काड्याच होत्या. काडी किंचित सरकवायची, चौकट टिपायची, पुन्हा सरकवायची. मधेच एखादी काडी धक्का लागून हलली की सगळी मेहनत वाया. फ्रान्समध्ये एमिल कोल याने १९०८ मध्येच काड्यांचा असा चित्रपट केला होता, तेव्हा कल्पना अगदी नवी नव्हती. मुंबई इलाख्यात, तुटपुंज्या साधनांत ती उतरवणे हे फाळके यांचे काम.

त्यानंतर ही कला बराच काळ रेंगाळली. रेखाटलेल्या चित्रांचा बोलपट ‘जंबूकाका’ पुण्याच्या प्रभात कंपनीने १९३४ मध्ये काढला. मुंबईतील फिल्म्स डिव्हिजनचा कार्टून विभाग १९५६ मध्ये सुरू झाला, आणि त्याचा ‘द बॅन्यन डियर’ पुढच्याच वर्षी आला.