चीनच्या घड्याळात शेजाऱ्यांचं वर्ष

समजा, १ जानेवारीला मध्यरात्री बाराच्या ठोक्याला एक घड्याळ सुरू केलं. ते वेळ नाही, चीनची कमाई मोजतं. २०२३ साली चीनचा जीडीपी साधारण १७.८ लाख कोटी डॉलर होता. म्हणजे दिवसाला जवळपास ४,९०० कोटी, तासाला २०० कोटी. पहाटे दीडच्या सुमाराला भूतानची अख्ख्या वर्षाची कमाई मागे पडते. सकाळी आठला, चहा निवायच्या आत, लाओसची. दहाला मंगोलियाची. रात्री आठला नेपाळचं वर्ष संपतं. पाकिस्तानला आठवडा लागतो, व्हिएतनामला नऊ दिवस. आपली पाळी मार्चच्या मध्यावर येते, गुढीपाडव्याच्या आधीच.

हेच घड्याळ १९८० साली लावलं असतं, तर आपली पाळी डिसेंबरच्या तिसऱ्या आठवड्यात आली असती. तेव्हा चीन १९ हजार कोटी डॉलरचा आणि आपण साडेअठरा हजार कोटींचे होतो. दोन भाऊ एकाच पायरीवर उभे असावेत, तसे. (हा हिशेब बाजारातल्या डॉलरच्या भावाने केलेला. स्वस्ताई जमेस धरली तर शेजारी इतके किरकोळ दिसत नाहीत, पण कर्ज फेडायचं ते डॉलरमध्येच.)

मधल्या काळात काय झालं ते समजायला सिमेंट पुरेसं आहे. २०११ ते २०१३ या तीन वर्षांत चीनने सुमारे ६६० कोटी टन सिमेंट वापरलं. अमेरिकेने संपूर्ण विसाव्या शतकात वापरलं ते ४५० कोटी टन. पन्नास किलोच्या गोणीत मोजायचं तर तीन वर्षं, रात्रंदिवस, दर सेकंदाला १,४०० गोण्या. हे वाक्य वाचून होईपर्यंत एका इमारतीचं सिमेंट ओतून झालं असतं.

एवढं असून सरासरी चिनी माणूस श्रीमंत नाही. २०२३ साली दरडोई उत्पन्न साडेबारा हजार डॉलरच्या आसपास, जगाच्या सरासरीच्या आगेमागे. चीनची ताकद माणशी मिळकतीत नाही, ती गुणाकारात आहे. १४० कोटींनी गुणलं की कुठलीही क्षुल्लक गोष्ट शेजारच्या देशाचं नशीब होऊन बसते.

ड्युरियनचंच बघा. दिसायला फणसाचा भाऊबंद, कूळ मात्र वेगळं, आणि वास असा की सिंगापूरच्या मेट्रोत न्यायला बंदी. फणस घरात आला की ज्यांच्या कपाळाला आठ्या पडतात, त्यांनी ड्युरियनच्या वाटेला न गेलेलंच बरं. २०२३ साली चीनने हे फळ १४ लाख टन आयात केलं. आकडा डोळे फिरवणारा आहे, पण माणशी काढला तर जेमतेम एक किलो. वर्षातून एकदा प्रत्येकाने एक किलो फळ खायचं ठरवलं, एवढंच. किंमत ६७० कोटी डॉलर.

ही रक्कम लक्षात ठेवा, कारण लाओसची रेल्वे याहून स्वस्तात झाली. समुद्रकिनारा नसलेल्या या पाऊण कोटी वस्तीच्या देशात त्याआधी रेल्वे म्हणजे थायलंडच्या पुलावरून आत शिरणारा साडेतीन किलोमीटरचा रूळ. डिसेंबर २०२१ मध्ये राजधानी व्हिएन्तिआनपासून चीनच्या सीमेवरच्या बोतेनपर्यंत चारशेहून अधिक किलोमीटरचा मार्ग सुरू झाला. डोंगरांतून ७५ बोगदे, दऱ्यांवरून १६७ पूल. रस्त्याने दिवस खाणारा प्रवास चार तासांच्या आत आला. खर्च सुमारे ६०० कोटी डॉलर. चीनच्या घड्याळात तीन तास, लाओसच्या वर्षाच्या कमाईतला तिसऱ्या हिश्श्याहून जास्त भाग.

कंपनीत चीनचा वाटा ७० टक्के, लाओसचा ३०. त्या तीस टक्क्यांचं भांडवल उभं करायलाही लाओसने चीनच्याच एक्झिम बँकेकडून ४८ कोटी डॉलर उचलले. रेल्वेआधी धरणं होती, तीही बरीचशी उसनवारीची. वीज विकून थायलंडकडून पैसे येतात, पण सार्वजनिक कर्ज वाढत जाऊन जीडीपीच्या बरोबरीला पोचलं, पुढे गेलं. २०२० साली वीजवाहिन्यांचं जाळं चालवणाऱ्या कंपनीतला मोठा वाटा चिनी कंपनीकडे गेला. २०२२ मध्ये किप हे त्यांचं चलन असं कोसळलं की पेट्रोलच्या पंपावर रांगा लागल्या. याला सरसकट सापळा म्हणायला माझं मन धजत नाही. रेल्वे खरी आहे, माणसं तिने जातात. पण तीन तासांच्या कमाईत जो देणं विसरू शकतो आणि ज्याला ते फेडायला पिढी लागते, त्या दोघांमधल्या करारात एकाचा हात नेहमी वर राहणारच. त्या गाड्यांमधून थायलंडचा ड्युरियनही चीनमधल्या कुनमिंगला जातो. लाओसच्या छातीवरून जातो, असं म्हणावंसं वाटतं.

मंगोलियाची तऱ्हा उलटी. त्यांना घेण्यापेक्षा विकायचं जास्त आहे. निर्यातीतला चार-पंचमांशाहून जास्त माल एकाच गिऱ्हाइकाला जातो, त्यात मुख्य कोळसा आणि तांबं. नोव्हेंबर २०१६ मध्ये दलाई लामा उलानबातरला येऊन गेले. चीनने कर्जाची बोलणी थांबवली आणि सीमेवरून जाणाऱ्या मालावर नवं शुल्क बसवलं. महिन्याभरात मंगोलियाच्या परराष्ट्रमंत्र्यांनी सांगून टाकलं की हे सरकार असेपर्यंत दलाई लामांना पुन्हा बोलावणार नाही. एक गोळीही झाडावी लागली नाही.

आपलं काय? २०२४-२५ मध्ये आपण चीनकडून सुमारे ११,३०० कोटी डॉलरचा माल घेतला, विकला १,४०० कोटींचा. आठ रुपये द्यायचे, एक घ्यायचा. दिवाळीच्या चिनी माळांवरून दरवर्षी वाद होतो, पण खरा खर्च माळेत नाही. तो मोबाइलच्या सुट्या भागांत, सौर पॅनेलच्या सेलमध्ये आणि डोकेदुखीच्या गोळीतल्या कच्च्या औषधात आहे.

आणि व्हिएतनाम. जुलै २०२२ मध्ये चीनने व्हिएतनामच्या ताज्या ड्युरियनला अधिकृत दार उघडलं. त्या वर्षी व्हिएतनामची या फळाची निर्यात ४२ कोटी डॉलरच्या घरात होती, पुढच्या वर्षी ती पाचपटीहून वर गेली. मध्य पठारावरच्या शेतकऱ्यांनी कॉफी उपटली आणि ड्युरियन लावला. मग २०२५ च्या सुरुवातीला चीनने नियम कडक केले: कॅडमियम किती, सालीला पिवळा रंग फासला आहे का, याचा प्रयोगशाळेचा दाखला दाखवा. ट्रक सीमेवर अडकले, काही माघारी फिरले, बागेतला भाव खाली आला. ड्युरियनचं कलम लावल्यापासून फळ धरायला चार-पाच वर्षं घेतं. २०२३ साली कॉफीच्या जागी लावलेल्या झाडांना त्या वेळी फूलही आलं नव्हतं.