एकट्याचं गाणं, गर्दीतलं

१९९३ सालच्या अखेरीची गोष्ट. मेहकरच्या बसस्थानकाजवळ कॅसेट भरून देणारं एक दुकान होतं. पुण्यात शिकणाऱ्या मित्राने आणलेली इंग्रजी गाणी मी तिथून भरून घेतली आणि घरी लावली. अम्मी तांदूळ निवडत होती. गाणारा मध्येच शब्द सोडून नुसती अक्षरं उधळायला लागला, तेव्हा तिने मान वर केली. म्हणाली, "लफ्ज भूल गया क्या बेचारा?"

ते गाणं होतं 'लिव्हिंग ऑन माय ओन'. आपलं आपण, एकट्याने राहणं, असा त्या नावाचा अर्थ. गायक फ्रेडी मर्क्युरी.

हा माणूस आपल्या महाराष्ट्रात वाढला, हे मला फार उशिरा कळलं. मूळ नाव फारुख बलसारा. पारशी कुटुंब, जन्म १९४६ सालचा, झांझिबारचा. वयाच्या आठव्या वर्षी, १९५५ साली, आईवडिलांनी त्याला पाचगणीच्या सेंट पीटर्स शाळेत वसतिगृहात ठेवलं. आठ वर्षांचं पोर आणि घर समुद्रापलीकडे! 'फ्रेडी' हे नाव त्याला तिथेच मिळालं. पियानो तो तिथेच शिकला, आणि शाळेतल्या मुलांनी 'द हेक्टिक्स' नावाचा बँड काढला, त्यात तो पियानो वाजवायचा. मुख्य गायक दुसराच होता.

पुढे झांझिबारमध्ये १९६४ साली क्रांती झाली, कुटुंब इंग्लंडला गेलं आणि १९७० साली 'क्वीन' हा रॉक बँड उभा राहिला. बँड म्हणजे आपल्या भजनी मंडळासारखं प्रकरण. एक चाल सांगतो, एक मृदंग सांभाळतो, बाकीचे धरून नेतात. त्यातला एखादा गडी एके दिवशी एकटाच गायला बसला, तर लोक आधी विचारतात, "बाकीचे कुठे गेले?" फ्रेडीचंही तेच झालं. १९८५ साली त्याने 'मिस्टर बॅड गाय' हा स्वतःच्या नावाचा संग्रह काढला, म्युनिकमध्ये मुद्रित केलेला. 'लिव्हिंग ऑन माय ओन' हे त्यातलंच गाणं. सप्टेंबरमध्ये ते 'सिंगल' म्हणून निघालं.

सिंगल म्हणजे सात इंची तबकडी. मिनिटाला ४५ फेरे, एका बाजूला मुख्य गाणं, पाठीमागे आणखी एक. ती किती खपली त्यावरून दर आठवड्याला गाण्याचा क्रमांक ठरायचा. माझ्या पिढीला बिनाका गीतमालेच्या पायऱ्या आठवतील, तसंच काहीसं. इंग्लंडच्या त्या यादीत हे गाणं पन्नासाव्या क्रमांकावर जाऊन थांबलं. आणि जुलैमध्ये याच माणसाने 'लाइव्ह एड'च्या मैफलीत, वेम्बली मैदानावर, सत्तर हजारांवर लोकांना वीसेक मिनिटं अक्षरशः नाचवलं होतं! पण तिथे सोबत 'क्वीन' होता.

या गाण्याची चित्रफीतही पाहण्यासारखी आहे. फ्रेडीच्या एकोणचाळिसाव्या वाढदिवसाची म्युनिकमधली मेजवानी, तिच्यातच ती चित्रित केली. काळेपांढरे चित्रविचित्र पोशाख, माणसांवर माणसं पडताहेत, आणि गाणं चाललंय एकटेपणाचं. काहींना हा विनोद वाटतो. मला वाटत नाही. मुशायऱ्यात वाहवा घेऊन रात्री शेवटच्या एसटीने गावी परतणाऱ्या कवीला यातलं काही समजावून सांगावं लागत नाही.

आता अम्मीच्या प्रश्नाकडे येतो. अर्थ नसलेल्या अक्षरांनी गाण्याच्या या पद्धतीला जॅझ संगीतात 'स्कॅट' म्हणतात. आपला तराणा आठवून पाहा. तराण्याचं श्रेय परंपरा अमीर खुस्रोंना देते. तिथे गवई शब्द विसरलेला नसतो, बाजूला ठेवतो. फ्रेडीच्या गाण्यात शब्द तसे साधेच आहेत, डायरीत लिहावेत असे. माझ्या मते ते थोडे कमीच पडतात. जिथे कमी पडतात, तिथे ही अक्षरं येतात आणि गाण्याचा जीव तिथेच आहे.

फ्रेडी २४ नोव्हेंबर १९९१ रोजी वारला. आपल्याला एड्स असल्याचं त्याने आदल्याच दिवशी जाहीर केलं होतं. १९९३ साली 'नो मोअर ब्रदर्स' या बेल्जियन मंडळींनी या गाण्यातला त्याचा आवाज ठेवला आणि साथसंगत बदलून टाकली. नाचायच्या क्लबात चालणारा ठोका घातला. याला 'रिमिक्स' म्हणतात. ऑगस्टमध्ये ते इंग्लंडात पहिल्या क्रमांकावर गेलं आणि दोन आठवडे राहिलं. एकट्याच्या नावावर त्याला तिथे मिळालेला हा पहिलाच पहिला क्रमांक. मेहकरला पोचलं ते हेच.

गेलेल्या माणसाच्या गाण्याला असा हात लावावा का? बहिणाबाई चौधरी १९५१ साली गेल्या, त्यांच्या कवितांचं पुस्तक १९५२ साली निघालं. तेही त्यांनी पाहिलं नाही. पण तिथे कविता जशी होती तशी लोकांपुढे आली. इथे गळा तेवढा जुना. मला रिमिक्सचा तो ठोका आवडत नाही. तरी तो नसता तर हे गाणं माझ्या कानावर पडलं नसतं, हेही कबूल करतो.

१९८५ चं मूळ गाणं मी कित्येक वर्षांनी ऐकलं. चाल जरा सैल आहे, आणि पियानो नीट ऐकू येतो. तोच पियानो, ज्याचे धडे पाचगणीत घेतले होते. ते अम्मीला ऐकवायचं राहून गेलं.